गुरुजींच्या पेन्शनवर होल्ड कुणी लावला?

परवा सकाळी एक निवृत्त गुरुजी घरी आले. जिल्हा परिषदेच्या शाळेत ३३ वर्षं काढलेला माणूस. नाव लिहीत नाही, गावात बरेच जण ओळखतील आणि त्यांना नेमकं तेच नको आहे. मेडिकलमध्ये बायकोची शुगरची औषधं घेतली, कार्ड दिलं, चाललं नाही. बँकेत गेले तर काउंटरवरच्या मुलीनं स्क्रीन बघून सांगितलं, "गुरुजी, कोर्टाचा होल्ड आहे." खात्यात ४१ हजार आणि वर काही रुपये. सगळे पेन्शनचे.

भानगड जुनीच. पुतण्यानं फायनान्सवर टेम्पो घेतला, गुरुजी जामीनदार झाले. हप्ते थकले, कंपनीनं टेम्पो ओढून नेला, विकला, तरी बाकी निघालीच. लवादाची नोटीस इंग्रजीत आली आणि कपाटात राहिली. एकतर्फी निवाडा झाला. तो निवाडा डिक्रीसारखाच वसूल करता येतो, म्हणून इथल्या कोर्टात दरखास्त पडली आणि तिथून बँकेला नोटीस गेली.

या नोटिशीला गार्निशी नोटीस म्हणतात. आपण बँकेत ठेवलेले पैसे म्हणजे कायद्याच्या हिशोबानं बँक आपलं देणं लागते. मग कोर्ट बँकेला सांगतं, तू गुरुजींचं देणं लागतेस, गुरुजी कंपनीचं लागतात, तर पैसे इकडे भर. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१ मध्ये नियम ४६-अ पासून पुढे हे सगळं आहे.

पण आपल्याकडे बँका तो नियम अर्धाच वाचतात. त्यात लिहिलंय की पैसे कोर्टात भरा, *किंवा* हजर राहून का भरू नयेत ते सांगा. हा "किंवा" फार महत्त्वाचा आहे. बँकेला दिसत असतं की खात्यात दर महिन्याला कोषागारातून पेन्शन येते, दुसरा एक रुपया येत नाही. तेवढं एका कागदावर लिहून कोर्टात द्यायला काय जातं? मॅनेजर साहेबांना भेटलो. म्हणाले, "आम्हाला वर उत्तर द्यावं लागतं, कोर्टाच्या कागदाशी खेळ नको." माणूस वाईट नाही. पण पूर्ण खातं बंद करून बसणं हासुद्धा खेळच आहे, फक्त तो गुरुजींच्या पैशाशी चाललाय.

त्याच संहितेचं कलम ६० बघा. कशावर जप्ती आणता येत नाही त्याची लांबलचक यादी आहे तिथे. शेतकऱ्याचं बी-बियाणं, बैल, अवजारं. कारागिराची हत्यारं. मजुराची मजुरी. भविष्य निर्वाह निधी. आणि पेन्शन व ग्रॅच्युइटी. सरकारी असो, जिल्हा परिषदेची असो, खासगी मालकाची असो.

नोकरदाराच्या पगारालाही मर्यादा आहे. पहिले १,००० रुपये सोडायचे आणि उरलेल्याच्या दोन तृतीयांशाला हात लावायचा नाही. म्हणजे ३१ हजार पगार असेल तर महिन्याला जास्तीत जास्त १० हजार. तेही एका डिक्रीसाठी एकूण २४ महिने, पुढे नाही. (बायकोच्या पोटगीची डिक्री असेल तर गणित वेगळं, तिथे पगाराचा एक तृतीयांशच वाचतो. योग्यच आहे.)

कुणी म्हणेल, पेन्शन खात्यात जमा झाली की ती पेन्शन राहिली कुठे, ते साधे पैसे झाले. हा मुद्दा कोर्टात खरोखर मांडला जातो. पण पंजाब नॅशनल बँकेच्या एका प्रकरणात सुप्रीम कोर्टानं २००८ साली सांगितलंय की निवृत्तीचे पैसे मुदत ठेवीत टाकले म्हणून त्यांचं संरक्षण जात नाही.

अजून एक. कर्ज देताना सह्या घेतात त्या गठ्ठ्यात "माझ्या पेन्शनमधून वसुली करण्यास हरकत नाही" असा एखादा कागद असतो. कलम ६० चं संरक्षण सोडून देणारा करार कायद्यानं रद्दबातल आहे, ६० (१-अ) मध्ये स्पष्ट लिहिलंय. सही केली म्हणून गप्प बसू नका.

गुरुजींचं खातं बाईंसोबत संयुक्त आहे. एकट्याच्या नावाची गार्निशी नोटीस संयुक्त खात्याला आपोआप लागत नाही, हे बँकेच्या खात्यांतर्गत परीक्षेला विचारतात म्हणे! आणि नोटीस आली त्या दिवशी जे देणं आहे तेवढ्यालाच ती लागते. पुढच्या महिन्याची पेन्शन त्यात कशी धरली, हे मला अजून कुणी सांगितलेलं नाही.

आता कमेंटमध्ये लगेच येईल की कर्ज बुडव्यांची बाजू घेता. नाही घेत. जामीनदाराची जबाबदारी मूळ कर्जदाराएवढीच असते, गुरुजी कर्जातून सुटलेले नाहीत आणि सुटूही नयेत. त्यांच्या नावावर प्लॉट असता तर कंपनीनं तो जप्त करावा, मी एक ओळ लिहिली नसती. पुतण्या आज दुसऱ्याच्या नावावर दुसरी गाडी चालवतोय, त्याच्या दारात मात्र बेलिफ गेलेला नाही. खातं सापडणं सोपं, माणूस शोधणं अवघड, म्हणून सगळा जोर म्हाताऱ्याच्या पासबुकावर.

ज्यांच्यावर अशी वेळ आलीय त्यांनी बँकेतून नोटिशीची प्रत लेखी अर्ज करून मागा. पेन्शनचा आदेश आणि वर्षभराचं स्टेटमेंट काढा. हरकत त्याच दरखास्तीत, कलम ४७ खाली घेता येते, वेगळा दावा लावावा लागत नाही. वकील नेमायची ऐपत नसेल तर तालुका विधी सेवा समितीत चौकशी करा. महिला असाल तर मोफत वकिलासाठी उत्पन्नाची अटही नाही.

गुरुजींचा अर्ज मंगळवारी दाखल झाला. पुढच्या तारखेला बँकेचं म्हणणं यायचं आहे. तोवर मेडिकलवाला उधारीवर औषधं देतोय, त्याचाच विद्यार्थी आहे तो.