वर्गणी की वसुली?

परवा इंग्लंडमधल्या क्वेकर पंथाबद्दल वाचत होतो. सतराव्या शतकात या मंडळींनी चर्चचा दशांश कर द्यायला साफ नकार दिला. धर्मोपदेश फुकट द्यायचा असतो, त्याची सक्तीची वसुली कसली, हे त्यांचं म्हणणं. गुरंढोरं जप्त झाली, कित्येक जण तुरुंगात गेले, पण ऐकलं नाही.

आपल्याकडे तरी काय वेगळं होतं? ग्रामजोशाला न बोलावता लग्न लावलं, तरी तो कोर्टात जाऊन दक्षिणा मागायचा! १८७३ साली सत्यशोधक समाज काढणाऱ्या जोतीरावांच्या अनुयायांवर ओतूरला असाच दावा झाला. पुढे सी. के. बोल्यांच्या प्रयत्नाने १९२६ साली कायदा होऊन हा हक्क गेला. सार्वजनिक पाणवठे सर्वांना खुले करण्याचा १९२३ चा ठरावही त्यांचाच, ज्यातून आमच्या जिल्ह्यात महाडचा सत्याग्रह उभा राहिला.

आणि आज? आमच्या जित्याकडे देवळाची, उत्सवाची वर्गणी घरटी ठरते. मी आनंदाने देतो. पण ‘नाही’ म्हणणाऱ्याला गावकीने वाळीत टाकलं, तर ती वसुलीच झाली. २०१६ चा सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा उगाच नाही आला. त्याआधी रायगडातली वाळीत प्रकरणं पेपरात गाजत होती.

मला वाटतं, पावतीपुस्तकावर ‘ऐच्छिक’ छापावं, आणि न देणाऱ्यालाही प्रसाद द्यावा. तुमच्या गावात काय पद्धत आहे? जरूर कळवा.