परके ताट कोणते?

नाताळात एका गोमंतकीय, मराठी बोलणाऱ्या सहकाऱ्याने आम्हां मंडळींस घरी बोलावून डुकराचे भाजलेले मांस वाढले. वर संत्र्याचा रस व द्राक्षमद्य आटवून केलेला सॉस. काहींनी ‘परकी खाणी ही!’ म्हणून तिथेच नाके मुरडली. पुढे तो गृहस्थ आमच्या गणेशोत्सवाकडे फिरकला नाही. न खाण्याचा हक्क आम्हांस मान्य आहे, तुच्छतेचा नाही. एकादशीच्या खिचडीतील बटाटा, मिरची, शेंगदाणा आणि साबुदाण्याचा कंद ही चारही मूळची अमेरिकेची. १४९२ पूर्वी भारतास अज्ञात. संत्रे मात्र आशियाचेच. मग परके ताट कोणते? परमुलुखात चार मराठी माणसे जोडण्यास वर्षे लागतात. तोडण्यास एक मुरडलेले नाक पुरते.