शरीफजी हे नाव लपवायचे कशासाठी?

कसाऱ्याची गाडी आसनगाव सोडून खर्डीच्या दिशेने निघाली की माहुलीचे सुळके दिसू लागतात. इ.स. १६३६ मध्ये मोगल आणि आदिलशाही फौजांच्या वेढ्यात शहाजीराजांनी निजामशाहीची अखेरची झुंज याच गडावरून दिली. शहापूर-मुरबाडच्या मुलांना हा इतिहास सांगताना आपली जीभ एका नावापाशी मात्र अडखळते. शहाजीराजांच्या सख्ख्या धाकट्या भावाचे नाव होते शरीफजी!

अडखळण्याआधी या नावाचा अर्थ तरी समजून घ्यावा. ‘शरीफ’ हा अरबी शब्द आहे. श-र-फ या त्याच्या मूळ धातूत उंची, श्रेष्ठत्व यांचा भाव आहे. त्यावरून शरीफ म्हणजे कुलीन, प्रतिष्ठित. अरबस्तानात प्रेषितांच्या वंशजांना ही उपाधी लावीत आणि मक्केचा अधिपतीही ‘शरीफ’ म्हणवला जाई. हिंदुस्थानात येईपर्यंत कुळाचा मोठेपणा मागे पडला आणि सभ्य, सदाचारी माणूस हा अर्थ रुळला. आपल्याकडील ‘सराफ’ हाही शब्द अरबीच. पण त्याचा धातू निराळा, नाण्यांच्या अदलाबदलीचा. ‘शहा’ हा शब्द तर अरबी नव्हे, फारसी, अर्थ राजा.

हे नाव भोसल्यांच्या घरात आले कसे? मालोजीराजांना दीर्घकाळ अपत्य नव्हते. नगरच्या शाह शरीफ या पीराला नवस केल्यावर दोन पुत्र झाले आणि त्याच्या नावावरून एक शहाजी, दुसरा शरीफजी, अशी परंपरागत हकीकत आहे. परमानंदांच्या ‘शिवभारत’ या संस्कृत काव्यातही हीच नावे येतात. शरीफजी इ.स. १६२४ मध्ये भातवडीच्या रणांगणावर धारातीर्थी पडले.

या एवढ्याशा भांडवलावर काही पुरोगामी पंडित केवढा इमला उभारतात! पीराचे नाव मुलांना दिले, सबब हे घराणे धर्माविषयी उदासीन होते आणि सबब शिवछत्रपतींच्या राज्याला हिंदवी म्हणणे हीच मुळी आमची बनवाबनवी, असा त्यांचा युक्तिवाद. या पंडितांना वेरूळच्या घृष्णेश्वराचा मालोजींनी केलेला जीर्णोद्धार आठवत नाही. शिखर शिंगणापूरच्या शंभूमहादेवापाशी त्यांनी बांधलेला तलावही दिसत नाही. नवसाच्या नावावरून घराण्याची श्रद्धा मोजायची, तर महाराष्ट्रातल्या धोंडू-दगडूंचे पालक काय दगडांच्या वंशातले म्हणायचे? ‘फकिरा’ हे नावही अरबीच. मूल जगावे म्हणून कित्येक हिंदू मातांनी ते आपल्या लेकरांना दिले. आईबापांची व्याकुळता कोशातला धातू पाहून नाव निवडत नसते.

परंतु खरा राग आहे तो आपल्यातल्याच काही अतिउत्साही मंडळींचा. कोणी ‘शहाजी’ हे ‘सिंहजी’चे रूप आहे असे ठोकून देतो. कोणी वंशावळ सांगताना शरीफजींना अलगद गाळतो. ही भीती कशाची? असल्या ओढूनताणून केलेल्या व्युत्पत्तीने इतिहासाचे रक्षण होत नाही. उलट विरोधकाच्या हाती आयते कोलीत मिळते. शिवाय रणात देह ठेवलेल्या वीराला केवळ नावापायी आपल्या पंक्तीतून उठवणे हा कृतघ्नपणा आहे.

या बाबतीत स्वतः शिवछत्रपतींनी काय केले ते पाहावे. त्यांनी आपली मुद्रा फारसीत न करता संस्कृतात केली. आणि त्याच मुद्रेत स्वतःला अभिमानाने शहाचा पुत्र म्हणवले. वडिलांचे नाव त्यांनी बदलले नाही, झाकले नाही, त्याला बनावट अर्थ चिकटवला नाही. जे बदलायचे ते मात्र धडाडीने बदलले. राज्याभिषेकाच्या वेळी पेशव्याचा मुख्य प्रधान झाला, मुजुमदाराचा अमात्य झाला, डबिराचा सुमंत झाला. रघुनाथपंत हणमंते यांच्याकरवी ‘राज्यव्यवहारकोश’ सिद्ध करून दरबारी अरबी-फारसी शब्दांना संस्कृत पर्याय दिले. आणि नावांचेच म्हणाल, तर शहाजीराजांचे पुत्र संभाजी, शिवाजी, एकोजी! एका पिढीत नावांचे वळण पालटले. त्यासाठी मागच्या पिढीला नाकारावे लागले नाही.

वाचकहो, हाच विवेक आपल्या घरात हवा. मुलाचे नाव ठेवताना त्याचा अर्थ आणि उगम जरूर तपासा, बाजारातल्या नामावलीत छापलेल्या अर्थावर विसंबू नका. पुढचे नाव निवडण्याचे स्वातंत्र्य आपल्याला आहे. मागचे नाव पुसण्याचा अधिकार नाही. इ.स. १६३६ मध्ये माहुली शहाजीराजांना सोडावी लागली. १६७० मध्ये पुत्राच्या मावळ्यांनी ती पुन्हा जिंकून घेतली. खर्डीच्या मुलांना ही दोन्ही वर्षे सांगा, आणि शरीफजींचे नावही ताठ मानेने सांगा.