'कळ्यांचे निःश्वास' आणि घराचा हिशेब

१

विभावरी शिरूरकर यांच्या 'कळ्यांचे निःश्वास' (१९३३) ह्या संग्रहाविषयी मराठी समीक्षेने एक वाक्य फार पूर्वी ठरवून टाकले आहे : प्रौढ कुमारिकांच्या कोंडलेल्या भावनांचे धीट चित्रण. वाङ्मयेतिहासातून ते प्रस्तावनांत आले, प्रस्तावनांतून परीक्षार्थींच्या टिपणांत उतरले आणि आता ते कोणाचे आहे हे विचारण्याचीही गरज उरलेली नाही. 'हिंदोळ्यावर' (१९३४) ह्या कादंबरीसाठी त्यातील 'प्रौढ कुमारिका' काढून 'परित्यक्ता' हा शब्द घातला की काम भागते. 'धीट' हे विशेषण मात्र दोन्हीकडे कायम राहते. ह्या विशेषणाची सोय मोठी आहे. लेखिका धीट होती असे म्हटले की ती काय म्हणाली ह्याचे उत्तर देण्याची जबाबदारी वाचकावर राहत नाही.

ह्या निकालाच्या शेजारी गेल्या काही दशकांत दुसरा एक निकाल येऊन बसला आहे. हे सगळे पुण्याच्या पांढरपेशा घरांतले, एका जातीतले, एका काळातले प्रश्न होते. शिक्षण वाढले, कायदे झाले, प्रश्न संपले. आणि खेड्यातल्या कष्टकरी बाईशी तर त्यांचा कधीच संबंध नव्हता. बीड जिल्ह्यासारख्या ठिकाणी, जिथे दिवाळीच्या सुमारास गावेच्या गावे ऊसतोडीला बाहेर पडतात, हा निकाल सहज पटण्यासारखा वाटतो. तो देणाऱ्याला आपण उपेक्षितांच्या बाजूने बोलत आहोत असे समाधानही मिळते.

पहिला निकाल सौंदर्यवाद्यांचा आणि दुसरा जनवाद्यांचा, म्हणून ते परस्परविरोधी आहेत असे मानले जाते. प्रत्यक्षात दोघांची चूक एकाच जागी झालेली आहे. दोघांनीही ह्या कथात्म लेखनातील विवाह हा मनाचा विषय मानला. पहिल्याने त्या मनाचे कौतुक केले, दुसऱ्याने ते मन आपल्या प्रदेशाबाहेरचे ठरवले. ह्या संहिता ज्याबद्दल बोलतात तो विषय वेगळाच आहे : घर कोणाच्या कमाईवर चालते, आणि मुलीच्या लग्नाची तारीख त्या कमाईवरून कशी ठरते. ह्या हिशेबाच्या वहीकडे दोघांनीही पाहिले नाही.

२

संग्रहातील 'बाबांचा संसार माझा कसा होणार?' हे शीर्षकच पुरेसे बोलके आहे. संसार हा शब्द मराठीत विवाहित स्त्रीच्या संदर्भात जितक्या भक्तिभावाने उच्चारला जातो तितक्याच कोरडेपणाने तो येथे येतो. त्याला दोन मालक आहेत, बाबा आणि मी, आणि प्रश्न मालकीचा आहे. मिळवत्या मुलीच्या पगारावर वडिलांचे घर उभे आहे. ती सासरी गेली तर ते कोसळेल, आणि राहिली तरी ते तिचे होणार नाही. अशा घरात तिच्यासाठी स्थळ न शोधणे हा दुष्टपणा असतोच असे नाही. आईबाप प्रेमळही असू शकतात. परंतु महिन्याच्या पहिल्या तारखेला येणारा पगार आणि 'अजून योग्य स्थळ मिळत नाही' हे वाक्य ह्यांतील नाते त्या घरात कोणीही मोठ्याने उच्चारू शकत नाही. ह्या लेखनातील कौटुंबिक गुपित हेच आहे. ते कोणा व्यक्तीच्या पूर्वायुष्यातील पाप नाही. घरातल्या प्रत्येकाला ठाऊक असलेली आणि प्रत्येकाने न बोलण्याचे ठरवलेली ती जमाखर्चाची नोंद आहे.

येथे मैत्रीचा प्रश्न येतो. स्त्रियांच्या कथेतील मैत्रीण ही नायिकेचे दुःख ऐकून घेण्याची सोय, एवढेच स्थान समीक्षेने तिला दिले. पण कुटुंबात स्त्रीला मिळणाऱ्या प्रत्येक नावाबरोबर एक देणे चिकटलेले असते. मुलगी, बहीण, सून, पत्नी, आई ह्यांपैकी कोणत्याही नात्याने बोलणारी स्त्री त्या नात्याची ऋणको असते. मैत्रीण हे एकच नाव असे आहे की ज्याच्या मागे वसुलीचा हक्क नाही. म्हणून घराची वही फक्त तिच्यासमोर उघडता येते. पुस्तकाच्या शीर्षकातील अनेकवचनही लक्षात घेण्यासारखे आहे. निःश्वास दूरवर ऐकू जात नाही. तो शेजारी बसलेलीला कळतो. ह्या कथांतील एकीचे दुःख दुसरीच्या दुःखाशेजारी ठेवले की ते स्वभावाचे वा नशिबाचे राहत नाही, त्यातली व्यवस्था दिसू लागते. मैत्री ही येथे भावनेपेक्षा ज्ञान मिळवण्याची रीत आहे.

ही रीत पुण्यात १९३३ साली जन्माला आली असे समजण्याचेही कारण नाही. जात्याचा खुंटा धरून दोघी समोरासमोर बसत, तेव्हा घरातली इतर माणसे झोपलेली असत. गी पॉइतव्हँ आणि हेमा राईरकर यांच्या ओवीसंकलनाच्या कामात १९९६ साली माजलगावच्या भीमनगरातील स्त्रियांच्या ओव्या ध्वनिमुद्रित झाल्या. त्यांतील आंबेडकरांवरच्या ओव्या ऐकल्या की जात्यावर फक्त सासर-माहेरची रडगाणी होतात हा अभ्यासकांचा समज टिकत नाही. 'सासर-माहेर' हा ओवीवर मारलेला शिक्का आणि 'धीट' हा विभावरींवर मारलेला शिक्का एकाच टाकसाळीतले आहेत. बाया बोलतात ते विचार म्हणून ऐकायचे नाही, असा तो करार आहे.

आणि लेखिकेचे नाव? बाळुताई खरे ह्यांनी 'विभावरी शिरूरकर' हे नाव घेतले आणि वाचकांनी ह्या बाई कोण, बाईच आहेत की कोणी पुरुष, ह्याच्या शोधात आपली शक्ती खर्च केली. घराची गुपिते सांगणाऱ्या स्त्रीला स्वतःचे नाव गुपित ठेवावे लागले, ह्यात ह्या लेखनाचा आशयच सिद्ध झालेला आहे. त्यानंतरची चरित्रात्मक समीक्षा त्याच शोधाची सभ्य आवृत्ती ठरते. कोणत्या प्रसंगामागे कोण होते हे शोधत राहिले की प्रत्येक घरात काय होते हे शोधावे लागत नाही.

३

आता बीडकडून हेच पुस्तक वाचून पाहावे. ऊसतोडीच्या धंद्यात 'कोयता' ह्या शब्दाचा अर्थ हत्यार एवढाच नाही. कोयता म्हणजे नवरा-बायकोची जोडी. मुकादम उचल देतो ती जोडीवर. एकटा गडी हा अर्धा कोयता ठरतो. लग्न ही येथे मजुरीची अट आहे, आणि हे कोणी रूपक म्हणून बोलत नाही. मुकादमाच्या वहीतली ती नोंद आहे. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत (२०१९-२१) बीड जिल्ह्यातील २० ते २४ वयोगटातील ४० टक्क्यांहून अधिक स्त्रियांचे लग्न अठरा वर्षे पूर्ण होण्याआधी झालेले आढळले. कारणे अनेक आहेत. आईबाप सहा महिने परमुलखात असताना वयात आलेली मुलगी कोणाच्या भरवशावर ठेवायची हे एक. वय आणि शिक्षण वाढले की हुंडा वाढतो हे दुसरे. आणि पोराचा अर्धा कोयता पुरा होतो हे तिसरे.

पुण्यातील त्या घरात मुलीचे लग्न लांबले, कारण तिची कमाई घराला हवी होती. बीडमधील ह्या घरात ते घाईने उरकले जाते, कारण कमाई जोडीला मिळते. तारखा उलट आहेत, नियम एक आहे. मुलीच्या लग्नाचे वय घराच्या जमाखर्चावरून ठरते आणि तसे ते ठरले आहे हे बोलायचे नाही. हा नियम समोर ठेवला की 'कळ्यांचे निःश्वास' हे अविवाहितपणाचे पुस्तक राहत नाही. विवाह उशिरा होणे हा त्याचा प्रसंग आहे. विवाहाची किंमत ठरवण्याचा अधिकार हा त्याचा विषय आहे. प्रसंगालाच विषय समजल्यामुळे प्रसंग बदलताच प्रश्न संपले असे जाहीर करता आले.

कायद्याने प्रश्न सुटले म्हणणाऱ्यांनी तर बीडचा इतिहास तपासायला हवा होता. शारदा कायदा १९३० पासून लागू झाला तो ब्रिटिश हिंदुस्थानात. बीड १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होते. 'हिंदोळ्यावर'मधील अचलेला नवऱ्याने टाकल्यावर घटस्फोटाचा कायदाच उपलब्ध नव्हता. मुंबई प्रांतात तो १९४७ साली आणि देशभरातील हिंदूंसाठी १९५५ साली आला. म्हणजे दोन्हीकडच्या स्त्रिया कायद्याच्या बाहेर होत्या. आज दोघी कायद्याच्या आत आहेत, आणि वही मात्र बंदच आहे.

गुपिताचेही तसेच. ऊसतोडीत कामावर खाडा पडला तर पैसे कापले जातात, आणि बाईच्या शरीराला दर महिन्याला खाडा ठाऊक असतो. २०१९ मध्ये बीड जिल्ह्यातील सुमारे ८२ हजार ऊसतोड स्त्रियांच्या शासकीय पाहणीत १३ हजारांहून अधिक स्त्रियांची गर्भाशये काढलेली आढळली, तेव्हा शहरांना धक्का बसला. फडातल्या बायांना धक्का बसण्याचे कारण नव्हते. शेजारच्या कोपीतलीचे कधी झाले, आपले कधी करावे लागेल, हे त्या एकमेकींना सांगत आल्या होत्या. हे ज्ञान आधी मैत्रीत होते, मग आकड्यांत आले. साहित्यात ते अजून पुरते आलेले नाही, आणि ह्याला ग्रामीण कादंबरीची एक जुनी खोड कारण आहे. तिने सोसणाऱ्या आईची देवी केली. देवीला भक्त असतात, मैत्रीण नसते. जिला मैत्रीण नाही तिचे गुपित कादंबरीत उघडणार तरी कसे?

४

ह्यावर आक्षेप येईल की मास्तरीण आणि ऊसतोड मजूर स्त्री ह्यांना एका पंक्तीत बसवणे हा जातवर्गाचा विसर आहे. आक्षेप अर्धा खरा आहे. 'कळ्यां'मधील स्त्रीचा पगार निदान तिच्या हातात येतो. फडातल्या बाईची उचल तिच्या हाती न येताच खर्च झालेली असते. तिच्या निःश्वासाला शांत खोलीही नाही. ह्या मर्यादा विभावरींच्या पहिल्या पुस्तकात आहेत आणि त्या लपवण्याचे कारण नाही. पण सोलापूरच्या 'गुन्हेगार जमातीं'च्या वसाहतीत काम केल्यावर ह्याच लेखिकेने 'बळी' (१९५०) लिहिली, ही गोष्ट 'पांढरपेशी' म्हणून तिला निकालात काढणाऱ्यांनी अडचणीची समजून बाजूला ठेवली. तारेच्या कुंपणाआड माणसांचे जगणे कोण मोजतो हा 'बळी'चा प्रश्न, आणि घराच्या भिंतीआड मुलीचे जगणे कोण मोजतो हा 'कळ्यां'चा. वाचणाऱ्यांनी ह्या दोहोंची दोन वेगळी खाती केली.

दुसरा आक्षेप असा की हिशेबाच्या वाचनात स्त्रीची इच्छा हरवते. तसे झाले तर ते वाचन वाईटच. अचलेला मूल हवे आहे, विवाहाबाहेर हवे आहे, आणि त्या हवेपणाचे भाषांतर अर्थशास्त्रात होत नाही. परंतु इच्छेला किती दाबाखाली उभे राहावे लागले हे कळल्याशिवाय तिची उंचीही कळत नाही. 'धीट' म्हणणाऱ्यांनी इच्छा पाहिली आणि दाब पाहिला नाही. म्हणून त्यांना ती लेखिकेच्या स्वभावाचा गुण वाटली.

अंबाजोगाईच्या किंवा माजलगावच्या वर्गात बसलेल्या विद्यार्थिनीला आज सांगितले जाते की हे पुस्तक प्रौढ कुमारिकांविषयी आहे. तिच्या बरोबरीच्या कितीतरी मुली दहावीआधीच वर्गातून गेल्या आहेत आणि ती स्वतः बसली आहे ती घराने वर्षभर तारीख पुढे ढकलली म्हणून. पुस्तक तिच्याविषयी आहे. ते तिच्यापासून वेगळे ठेवण्याचे काम कोणा सनातन्याने केलेले नाही; ते व्याख्यांनी, कालखंडांनी आणि प्रवाहांच्या नावांनी केले आहे. अभ्यासमंडळांनी ते एक वाक्य टिपणांतून काढून टाकावे आणि त्या जागी एक प्रश्न घालावा : ह्या घरात कोण कोणाच्या कमाईवर जेवते? उत्तर लिहिण्यासाठी त्या विद्यार्थिनीला संदर्भग्रंथाची गरज पडणार नाही.