शेवटच्या वारसाची जबानी



दीपनगर हे नाव भुसावळजवळच्या वीजकेंद्रासोबत आलं. त्याआधी ते शिवार कोण कसत होतं, ते तलाठ्याच्या जुन्या दप्तरात सापडेल. पण तिथून उत्तरेला, सातपुड्यात यावल, रावेर, चोपड्याच्या वनजमिनीवर आपल्या पाड्यांचं असं दप्तर नाही. गाव कुणी वसवलं, गावदेव कुठं मांडला, पहिला झरा कुणी उकरला, हे एखाद्या म्हाताऱ्यालाच ठाऊक असतं. कधी तो गाव वसवणाऱ्या घराण्यातला शेवटचाच माणूस असतो, मागं पोरबाळ नाही. लोक म्हणतात, म्हातारबा गेला की घराणं बुडालं. आम्हाला त्याहून मोठी धास्ती आहे. त्याच्यासोबत साऱ्या पाड्याचा पुरावा मातीत जाईल.

वनहक्क कायद्याच्या २००८ च्या नियमांतला नियम १३ वाचा. दावेदार सोडून इतर वडीलधाऱ्यांची लेखी जबानी पुरावा म्हणून चालते. पूर्वीच्या रहिवाशापर्यंत पोचणारी वंशावळही चालते. म्हणजे म्हातारबाची जबानी शेजाऱ्यांच्या दाव्यांना लागेल, त्याच्या स्वतःच्या दाव्याला वंशावळ. पुरावे एकाहून जास्त हवेत, म्हणून बांध, विहीर, झोपडीही दाखवा. जुन्या दंडाच्या पावत्या जपा. ज्या पावतीनं तेव्हा घरातलं धान्य विकायला लावलं, तीच आज सांगते की आपण तिथं होतो!

तीन पिढ्यांचा, ७५ वर्षांचा दाखला कुणी मागितला तर ठणकावून सांगा, ती अट बिगर-आदिवासींना आहे. आपल्याला १३ डिसेंबर २००५ च्या आधीचा ताबा दाखवायचा आहे.

'म्हातारा बिनवारस, त्याची जमीन खातं घेईल,' अशी कुजबुज असते. कलम ४(४) तसं म्हणत नाही. मिळालेला हक्क विकता येत नाही, पण वारशानं चालतो, आणि थेट वारस नसेल तर जवळच्या नातेवाइकाकडे जातो. मात्र आधी हक्क मिळायला हवा. त्याचा दावा तो हयात असतानाच लावून धरा.

वनहक्क समितीनं त्याला कचेरीत ओढू नये, त्याच्या ओट्यावर जाऊन बसावं. भिलोरी असो की पावरी, त्याच्या बोलीत विचारा. तो बोलेल तसं लिहा, वाचून दाखवा, मग अंगठा घ्या, तारीख टाका. चालवत नसेल तर खाटेवर घालून शिवार फिरवा, तो बोट दाखवील तिथं खूण करा. हे पाऊस लागायच्या आत झालं पाहिजे.