संयोगाचे विष

श्रावणी अमावास्येचा पोळा हा कृषिवलाच्या कृतज्ञतेचा सण. वर्षभर ज्याच्या खांद्यावर जू ठेवले, त्या वृषभाच्या खांद्यास आदल्या दिवशी हळद-तूप चोळावयाचे व पोळ्यास त्याला पुरणपोळीचा घास द्यावयाचा, ही आपली रीत. चिकलठाण्याच्या कारखान्यांच्या आधाराने वाढलेल्या मुकुंदवाडीसारख्या वस्तीत आता गोठे विरळा. तेथे मातीच्या बैलांची पूजा होते. तथापि कित्येक घरांचे शेत आणि भाऊबंद अद्याप गावीच आहेत. बैलाच्या खांद्याची काळजी वाहणाऱ्या या दिवशी, पाठीवर फवारणीचा पंप वाहणाऱ्या मनुष्याचाही विचार व्हावा, एवढ्यासाठी हा लेखनप्रपंच.

२०१७ सालच्या खरिपात यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन २० हून अधिक शेतकरी व शेतमजूर दगावले. शेकडो जणांना रुग्णालयात दाखल करावे लागले. त्या वर्षी कपाशी डोक्याएवढी वाढली होती, त्यामुळे फवारा अंगावर येई. हातमोजे, मुखपट्टी यांचा अभाव होता. ही कारणे खरीच. परंतु आणखी एक कारण चौकशीत पुढे आले : निरनिराळी औषधे एकाच पंपात मिसळण्याची प्रथा. त्या नोव्हेंबरात राज्य शासनाने यवतमाळ, अकोला, अमरावती, बुलढाणा व वाशीम या जिल्ह्यांत पाच कीटकनाशकांवर ६० दिवसांची बंदी घातली. त्यांपैकी दोन मुळातच जोडऔषधे होती. एकात प्रोफेनोफॉस व सायपरमेथ्रिन, दुसऱ्यात फिप्रोनिल व इमिडाक्लोप्रिड.

दोन विषे एकत्र आली म्हणजे केवळ बेरीज होते, असा आपला समज असतो. शरीराचे गणित निराळे आहे. सायपरमेथ्रिन शरीरात शिरले की काही विकरे, म्हणजे एन्झाइमे, त्याचे तुकडे करून त्याला निष्प्रभ करतात. प्रोफेनोफॉस मज्जातंतूंचे कार्य बिघडवते, आणि शिवाय या रक्षक विकरांनाही जखडून टाकते. पहारेकरी आधीच बांधलेला असला म्हणजे दुसऱ्या चोराला घर मोकळे सापडते, तसा हा प्रकार. जे विष एरवी लवकर निघून गेले असते, ते अधिक काळ टिकते व अधिक इजा करते.

आमच्या शास्त्रकारांनी संयोगाचा विचार स्वतंत्रपणे केला आहे. चरकसंहितेच्या विमानस्थानात आहाराची परीक्षा आठ अंगांनी सांगितली असून त्यांत ‘संयोग’ हे एक अंग आहे. एकेकट्या द्रव्यात नसलेला गुण दोहोंच्या मीलनातून उपजतो, हे सांगताना समप्रमाणातील मध व तूप यांचा दाखला दिला आहे. संयोगज विषाला ‘गर’ अशी निराळी संज्ञाच आहे. याचा अर्थ आजचे रसायनशास्त्र प्राचीनांना ठाऊक होते, असा मुळीच नव्हे. सुटी द्रव्ये तपासून मिश्रणाचा निर्णय देता येत नाही, हा विवेक मात्र त्यांच्यापाशी होता.

कोणी म्हणेल, बाजारातील प्रत्येक औषध सरकारने तपासलेलेच असते ना? होय, १९६८ च्या कीटकनाशक कायद्यान्वये त्याची नोंदणी होते, आणि डब्यावरील लाल, पिवळा, निळा वा हिरवा त्रिकोण त्याची विषारी शक्ती दर्शवितो. परंतु तो त्रिकोण त्या एका डब्यापुरता असतो. बांधावर बसून शेतकऱ्याने कीटकनाशक, बुरशीनाशक आणि वाढीचे टॉनिक एका बादलीत ढवळले, तर त्या बादलीवर त्रिकोण कोण छापणार? मजुरी वाचावी, एका फेरीत काम व्हावे, हा त्याचा नाइलाज आम्ही जाणतो. म्हणूनच दोष एकट्या त्याच्या माथी मारून विक्रेते, कंपन्या व शासन यांना मोकळे होता येणार नाही.

शहरातील गृहिणींनीही हे आपल्यापासून दूर आहे, असे मानू नये. पोळ्यापाठोपाठ गणराय येतात, घरे धुतली जातात. न्हाणीघर लख्ख व्हावे म्हणून ब्लीचिंग पावडरीवर संडास धुण्याचे अॅसिड ओतले, तर क्लोरिन वायू सुटतो आणि कोंदट जागेत श्वास कोंडतो. दोन्ही वस्तू घरात असाव्यात, पण एकत्र कदापि येऊ नयेत.

आज सणाला गावी फोन कराल, तेव्हा एवढे अवश्य सांगा : लेबलावर सांगितल्यावाचून दोन औषधे मिसळू नका, वाऱ्याच्या विरुद्ध फवारू नका, डोळ्यांपुढे अंधारी आली वा मळमळले, तर तत्काळ काम थांबवा, कपडे बदला, अंग साबणाने धुवा, आणि रुग्णालयात जाताना वापरलेल्या सर्व बाटल्यांची लेबले बरोबर न्या. कोणती विषे एकत्र आली हे वैद्याला कळले, तरच उपचाराला दिशा मिळते. बैलाला आज विसावा आहे. त्याच्या धन्याला उद्या सुखरूप घरी येता यावे, हीच आमची प्रार्थना.