कारवानीला हाक कधी मारायची

कारवानी कुत्रा शिकत नाही, ही तक्रार पूर्वी मालक करायचे. आता ती प्रशिक्षकांकडूनही येऊ लागली आहे. जर्मन शेफर्ड आणि लॅब्रेडॉर हाताखालून गेलेला जाणता माणूस कारवानीपुढे हात टेकतो आणि नोंदवहीत ‘हट्टी’ असा शेरा मारून मोकळा होतो. या शेऱ्याला आमची स्पष्ट हरकत आहे. शेरा एकदा बसला की पुढचा मालक त्या कुत्र्याला साखळीवर बांधून ठेवतो, आणि चार वर्षांनी तोच कुत्रा चावरा म्हणून कुणाच्या तरी गळ्यात पडतो.

लातूर, नांदेड, सोलापूरपासून खाली मुधोळपर्यंतच्या कोरड्या माळावर हा कुत्रा घडला. मेंढ्या राखणाऱ्या विलायती जातींची निवड माणसाच्या इशाऱ्याकडे लक्ष ठेवण्यासाठी झाली. कारवानीची निवड नेमकी उलट कामासाठी झाली. लांबवर हललेला ससा नजरेने टिपायचा आणि माणूस दिसेनासा होईपर्यंत त्याच्या मागे जायचे. ससा ऐन धावेत काटकोनात वळतो तेव्हा धन्याकडे वळून पाहणारा कुत्रा उपाशी परततो. त्यामुळे स्वतः ठरवणारे कुत्रे पिढ्यानपिढ्या राखले गेले. आज आपण ज्याला हट्ट म्हणतो, त्याच गुणासाठी आपल्या पूर्वजांनी हा कुत्रा जपला. शिकवण्याची पद्धत त्या गुणाला धरून असली पाहिजे.

बहुतेक प्रशिक्षक कारवानीला हाक मारतात ती तो सुटल्यावर. तेव्हा फार उशीर झालेला असतो. तो सुटण्याआधी काय होते ते एकदा जवळून पाहा. संध्याकाळी माळावर कुत्रा आपल्या शेजारी चालतो आहे, नाक जमिनीशी, शेपूट सैल. कुठे तरी बाभळीखाली काही हलते. एखादी प्लास्टिकची पिशवीही पुरते. मान वर जाते, कान मागे जुळतात, धापणे थांबून तोंड मिटते आणि वजन पुढच्या पंजांवर येते. एक पाय बहुधा हवेतच राहतो. या अवस्थेत तो क्षण-दोन क्षण असतो. हाक मारायची ती इथे, शांत आवाजात, रोज वापरलेल्या त्याच एका शब्दाने किंवा शिळेने. वळून पाहिले तर लगेच मांसाचा तुकडा द्यायचा. पुढच्या क्षणी मारलेली हाक त्याच्या कानावर पडते, पण त्याच्यापर्यंत पोचत नाही. अशी हाक दहा वेळा वाया गेली की त्या शब्दाची किंमत कायमची जाते. म्हणून कारवानीच्या प्रशिक्षकाने आधी कुत्रा वाचायला शिकावे, आज्ञा नंतर.

सुरुवातीचे महिने दहा-पंधरा मीटरच्या दोरीवर काम करावे. बैलाचा जुना सुती कासरा यासाठी उत्तम. मात्र दोरी गळ्यातल्या पट्ट्याला कधीही बांधू नये, छातीवरून जाणाऱ्या हार्नेसलाच बांधावी. पूर्ण वेगात दोरीच्या टोकाला पोचलेल्या कुत्र्याच्या मानेला बसणारा हिसका मणक्याला इजा करू शकतो. रोजच्या फिरण्यासाठी रुंद मार्टिंगेल पट्टा घ्यावा. हाउंडचे डोके मानेपेक्षा अरुंद असते. साधा पट्टा कानांवरून पुढे सरकून निघतो आणि कुत्रा रहदारीत मोकळा होतो.

बक्षीस म्हणून बिस्किटापेक्षा मोठी गोष्ट आपल्या हातात आहे, ती म्हणजे पाठलाग. बांबूच्या टोकाला दोरी, दोरीला फडके. कुत्रा थांबला, आपल्याकडे पाहिले, की फडके पळवायचे. थोडक्यात आटोपायचे, तो दमण्याआधीच. ज्या गोष्टीसाठी तो आपल्याला सोडून जातो, तीच आपल्याकडून मिळते हे कळले की कारवानी भराभर शिकतो. खऱ्या सशावर कुत्रे सोडण्याचे समर्थन मात्र हे मासिक कधीही करणार नाही. ससा १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याखाली संरक्षित आहे. जातीची परंपरा टिकवतो, असे सांगत रात्री माळावर जाणारे लोक जातीचेच नाव बुडवतात.

‘सिट’वर अडून बसणाऱ्यांसाठी दोन शब्द. लांब पाय, भरलेल्या मांड्या आणि कमी चरबी असलेल्या हाउंडला फरशीवर नितंब टेकून बसणे अनेकदा अवघडच जाते. ओबीडियन्सच्या वर्गात त्याचे ढुंगण दाबून बसवणारे हात आम्ही पाहतो तेव्हा वाईट वाटते. त्याला उभ्याने थांबायला किंवा गादीवर आडवे व्हायला शिकवा, काम तेवढेच होते. हिसके, दरडावणे, काठी यांनी शेफर्ड कदाचित दबेल आणि पुन्हा कामाला लागेल. कारवानी आतून मिटतो. शेपूट पोटाखाली, नजर दुसरीकडे, अंग दगडासारखे. मग तोच मिटलेला कुत्रा ‘मंद’ ठरतो.

पशुवैद्यकांनीही इथे सावध राहावे. असा सुस्त हाउंड रक्ततपासणीला येतो, थायरॉक्सिन कमी दिसते आणि गोळ्या सुरू होतात. ग्रेहाउंडसारख्या नजरेच्या शिकारी जातींमध्ये थायरॉक्सिनची निरोगी पातळीच इतर कुत्र्यांपेक्षा कमी असते, हे विसरू नये. ग्रेहाउंडमध्ये थायोपेंटोनची भूलही फार सावकाश उतरते. अंगावर चरबी नसते आणि यकृतात औषधाचे विघटनही हळू होते. त्याच बांध्याच्या कारवानीला भूल देताना तीच खबरदारी घेणे शहाणपणाचे.

आता पैदासकारांविषयी. मुधोळ हाउंड, म्हणजे आपला कारवानीच, २००५ मध्ये टपाल तिकिटावर आला, २०१६ मध्ये त्याची पिल्ले मेरठच्या लष्करी केंद्रात गेली आणि ऑगस्ट २०२० मध्ये पंतप्रधानांनी ‘मन की बात’मध्ये त्याचे नाव घेतले. देशी जातीचे कौतुक झाले याचा आम्हाला मनापासून आनंद आहे. पण कौतुकाच्या लाटेत पिल्लू कुणाच्या घरी जाते आहे हे पाहणे राहून जाते. फ्लॅटमध्ये कारवानी राहू शकतो. घरात तो शांत असतो, दिवसभर झोपतो, विनाकारण भुंकत नाही. पण रोज पोटभर धावायला त्याला कुंपणाची मोकळी जागा लागते, आणि परक्याने एकदम अंगाला हात लावलेला त्याला खपत नाही.

या दुसऱ्या गोष्टीवर इलाज पैदासकाराच्याच हातात आहे. स्कॉट आणि फुलर यांचे १९६५ मधले संशोधन आपल्यापैकी अनेकांनी वाचले आहे. साधारण तिसऱ्या ते बाराव्या आठवड्यात पिल्लाला माणसाची ओळख झाली नाही, तर पुढे माणसाची भीती निघता निघत नाही. २०१७ च्या नियमांनुसार आठ आठवड्यांच्या आत पिल्लू विकता येत नाही. म्हणजे या काळातले पहिले पाच आठवडे पिल्लू आपल्याच अंगणात असते. गोठ्याच्या कोपऱ्यात आईसोबत ठेवलेले, फक्त भाकरी-दूध टाकायला येणारा एकच माणूस पाहिलेले पिल्लू कितीही उत्तम रक्ताचे असले, तरी प्रशिक्षकाकडे अर्धे बिघडूनच पोचते. शेजारची मुले, म्हाताऱ्या बायका, हेल्मेट घातलेला दूधवाला, कुकरची शिट्टी, मोटारसायकल, सगळे त्याला या पाच आठवड्यांत भेटू द्या. रोज कान, पंजे, तोंड हाताळा. याला पैसा लागत नाही.

आणि पैदासकार मित्रांना एक विनंती. यंदा कुत्री व्यायली की पिल्लांचे पैसे घेण्याआधी घेणाऱ्याच्या घरी स्वतः जाऊन या. कुत्रा धावणार कुठे, ते त्याला दाखवायला सांगा. कुंपण सहा फुटांपेक्षा कमी असेल तर आधी ते वाढवायला लावा, आणि जागाच नसेल तर पिल्लू देऊ नका.